आईच्या नावाचा रकाना

शिकागो
१२ फेब्रुवारी १९७८

ती. वच्छलामावशीस,
लतिकाचा नमस्कार.

सहा वर्षांत दिवाळीच्या कार्डापलीकडे मी तुला काही लिहिलं नाही आणि आज एवढं जाड पाकीट पाठवते आहे. कामासाठी लिहिते आहे हे आधीच सांगते. आधी गोड बोलून मग काम काढलं, असं व्हायला नको.

गेल्या महिन्यात मला इथलं नागरिकत्व मिळालं. आता मी आईला कायमची इथे बोलावू शकते. भावंडांना बोलवायचं तर वर्षानुवर्षं नंबर लागत नाही, पण आईवडिलांना रांग नाही. कागद बरोबर असले तर वर्षाच्या आत काम होतं. नाना गेले तेव्हा मला तार चौथ्या दिवशी मिळाली होती. तेव्हापासून आई नागपूरला महालातल्या त्या दोन खोल्यांत एकटी आहे. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे. इथे दवाखान्यात मी अनोळखी म्हाताऱ्यांना हात धरून चालवते आणि ती तिकडे भिंत चाचपत नळावर जाते, हे माझ्या मनातून जात नाही.

आई तयार आहे. तयार कसली, तिला घाई झाली आहे. शेजारच्या मुलीकडून ती इंग्रजीत सही शिकली. सीताबर्डीवरून लोकरीचे मोजे आणले. विमानात लोणच्याची बरणी चालते का, असं मागच्या पत्रात विचारलं आहे.

अडलं आहे ते एका कागदापाशी. अर्जाला माझा जन्माचा दाखला जोडावा लागतो आणि त्यात आईच्या नावाचा रकाना असतो. नागपूरच्या दप्तरात माझी नोंदच नाही, तसं त्यांनी लिहून दिलं आहे. अशा वेळी दोन प्रतिज्ञापत्रं चालतात. एक आईचं आणि एक जन्माची माहिती असलेल्या वडीलधाऱ्या नातेवाइकाचं. दुसरं तुझं हवं आहे. मजकूर सोबत पाठवला आहे. सुभद्रा हिला एप्रिल १९४५ मध्ये महालातल्या राहत्या घरी मुलगी झाली आणि तेव्हा मी तिथे हजर होते, असं तू लिहून द्यायचं.

हे तसं नाही, हे मला माहीत आहे. अकरा वर्षांची होते तेव्हापासून माहीत आहे. आपण दोघी त्यावर कधी बोललो नाही, आताही बोलायला नको. वकिलाला मी सरळ विचारलं होतं की, जिनं वाढवलं तिला बोलावता येतं का. तो म्हणाला, कायद्याला दोनच आया कळतात. एक जन्म देणारी, दुसरी कागद करून दत्तक घेणारी, आणि तो कागदही मूल चौदा वर्षांचं व्हायच्या आत झालेला हवा. मी लहान होते तेव्हा आपल्याकडे मुलगी दत्तक घेण्याचा कायदा नव्हता. तो झाला तेव्हा कागद करायचं कुणाला सुचलं नाही.

आईच्या खालच्या मजल्यावर दत्तोपंत राहतात, कोर्टातून रिटायर झालेले. ते तुला कोर्टात नेऊन सगळं करवून घेतील. आईला मजकुरातलं काही सांगू नकोस. पासपोर्टचं काम आहे, एवढंच तिला ठाऊक आहे. तिची सही घ्यायची वेळ येईल तेव्हा मी तिला समजावीन.

मावशी, यात तुझं काही जात नाही. तू मला तेव्हाच देऊन टाकलंस. आता फक्त तेच कागदावर यायचं आहे.

लतिका


रामटेक
९ मार्च १९७८

चि. लतिका हिले मावशीचे आशीर्वाद.

तुहं पाकीट पोचलं. कागदही पोचला. इंग्रजीतला वाचता नाही आला, मराठीतला वाचला.

इकडे सारं ठीक आहे. धान यंदा बरं झालं. माहा गुडघा दुखते म्हणून बसचा प्रवास होत नाही. होळी झाली का नागपूरले जातो म्हणते. माहा धोंडबा आता नागपूरजवळ वाडीले एका ट्रान्सपोर्टच्या गोदामात मालाच्या बिल्ट्या लिहायच्या कामावर आहे. इथून जाणंयेणं करते, त्यात थकून जाते. तुह्याविषयी विचारत होता.

तिकडं थंडी फार असते म्हणतात. तू डोकं झाकून जात जा. तू कामावरून घरी आली का स्वयंपाक कोण करते? का एकटीच करते? सुभद्राले मी बरेच दिवसांत भेटली नाही.

मावशी


शिकागो
१९ एप्रिल १९७८

ती. मावशीस,
नमस्कार.

होळी होऊन महिना होत आला. दत्तोपंतांचं पत्र येईल म्हणून मी रोज खाली जाऊन पेटी उघडते. काही नाही. तू गेली होतीस का, एवढं तरी कळव.

इथून काय काय चाललंय ते तुला सांगते, म्हणजे घाई कशासाठी ते कळेल. मी तिचा सगळा खर्च करीन, सरकारवर तिचा भार पडू देणार नाही, असं मला लिहून द्यावं लागलं. त्याला बँकेचं पत्र, पगाराचं पत्र, घरभाड्याची पावती जोडली. ही पत्रं फार जुनी झाली की चालत नाहीत, पुन्हा नवीन आणावी लागतात. आताचं घर एका खोलीचं आहे म्हणून मी दोन खोल्यांचं घेतलं. भाडं वाढलं, म्हणून सुट्टीच्या दिवशीही ड्यूटी घेते. दुसरी खोली रिकामी आहे. त्यात एक पलंग टाकला आहे आणि तिथून जाता येता मी त्या पलंगाकडे बघते.

आणि मागच्या आठवड्यात दत्तोपंतांच्या सुनेचं पत्र आलं. आई जिन्यावरून पडली. हाड मोडलं नाही, पण तोंडाला मार आहे. आईनं स्वतःच्या पत्रात यातलं काही लिहिलं नाही. उलट विचारलं आहे की, तिकडे दारासमोर रांगोळी घालायला जागा आहे का.

मावशी, अर्ध्या दिवसाचं काम आहे. गुडघा दुखत असेल तर टॅक्सी करून जा, पैसे मी पाठवते.

लतिका


रामटेक
८ मे १९७८

चि. लतिका,

तुह्यापासून लपवून उपयोग नाही. गुडघ्याचं मी खोटं लिहिलं होतं. मी कोर्टात गेली होती. तुहं पत्र यायच्या आधीच, १८ एप्रिलले.

दत्तोपंतांनी मले अर्जनवीसाच्या टेबलाजवळ स्टुलावर बसवलं. त्यानं कागद टाइप करून वाचून दाखवला. 'सदर लतिका ही माझी बहीण सुभद्रा हिच्या पोटी जन्मली.' मी म्हटलं, पुन्हा वाचा. त्यानं पुन्हा वाचला. मंग म्हणे, करा बाई सही, मागं लोक उभे आहेत. मी पेन हातात धरला. धरून बसली. दत्तोपंत म्हणाले, काय झालं, सही येत नाही का, अंगठा चालते. मी म्हटलं, येते. आन् उठून बाहेर आली. चपला तिथंच राहिल्या होत्या. दत्तोपंत घेऊन आले. मी त्यांले सांगतलं का हे कोणाले लिहू नका, मीच लिहीन.

तू लिहिलं का मी तुले देऊन टाकलं. सारेच असं म्हणतात आन् मी कोणाले नाही म्हटलं नाही. तू लिहिलं म्हणून आता सांगते. एकदाच सांगते.

तू रामनवमीच्या चौथ्या दिवशी झाली, इथंच, रामटेकले. तिसऱ्या दिवशी मले ताप चढला तो उतरेच ना. दूध आटलं. तू रडून रडून निळी व्हायची. सुभद्रा आली. वीस दिवसांची होती तू. सुभद्रा म्हणाली, नागपूरले डॉक्टर आहे, डब्याचं दूध मिळते, मी दोन महिने नेते, तू उठून बस तोवर. मीच म्हटलं, ने. नेलं नसतं तर तू जगली नसती, हे मले माहीत आहे.

दोन महिन्यांनी मी उठून बसली तं धानाची रोवणी आली. मंग तुह्या बापाले मलेरिया झाला. असं करता करता दिवाळी आली. तुले आणायले मी दिवाळीले गेली. झबलं शिवलं होतं, दुपटं शिवलं होतं. सुभद्राच्या खांद्यावर तू झोपली होती. उठली तं मी हात पुढे केले. तू माह्याकडे पाहिलं, तोंड फिरवलं आन् सुभद्राचा पदर मुठीत धरला. तुहा दोष नाही. सात महिन्यांच्या लेकराले काय कळते.

मी चार दिवस राहिली. रोज सकाळी वाटे, आज म्हणीन. सुभद्रा मले भाकरी वाढे, तुले न्हाऊ घाले, तुहे नाना कामावरून आले का आधी तुले घेत. तिच्या लग्नाले तेव्हा बारा वर्षं झाली होती, पोटी काही नव्हतं. चौथ्या दिवशी मी पिशवी तशीच घेऊन गाडीत बसली.

मी तुले दिलं नाही वं. मी मागितलं नाही, एवढंच.

आता हे कागदावर लिहून द्यायचं, का मले लेक झालीच नाही. ते माह्यानं झालं नाही.

वच्छला


शिकागो
२ जून १९७८

वच्छलामावशीस,

तुझं पत्र मिळालं. त्याच आठवड्यात धोंडबाचंही मिळालं. त्यातलं लिहून पाठवते, म्हणजे मी काही वाढवून सांगत नाही हे तुला कळेल.

'ताई, आमच्या गोदामात एक जण आहे, त्याचा मेव्हणा अमेरिकेत आहे. तो म्हणते, नागरिक झालेली बहीण सख्ख्या भावाले बोलावू शकते. वेळ लागते, पण नंबर लागते. आपण सख्खे आहोत. रामटेकच्या दप्तरात तुझी नोंद आहे, आईचं नाव आहे, मी स्वतः जाऊन पाहून आलो. तुझं नाव नाही टाकलं, नुसतं मुलगी लिहिलं आहे, पण तारीख बरोबर आहे. तेवढा दाखला सांभाळून ठेवू का?'

तू सही केलीस तर मी तुझी मुलगी राहत नाही, म्हणजे धोंडबा माझा भाऊ राहत नाही. आता मला कळलं की पेन का थांबला.

तेहतीस वर्षं तुला मी आठवले नाही. माझ्या पाठीवर मुलगा झाला, तू त्याला वाढवलंस. मी मॅट्रिक झाले तेव्हा तू पेढे घेऊन आलीस आणि पाहुण्यासारखी खुर्चीच्या काठावर बसून गेलीस. नर्सिंगला जायचं म्हणून सगळं घर विरोधात होतं, तेव्हा एकटी आई माझ्या बाजूने उभी राहिली. आणि आता माझ्या पासपोर्टाची किंमत कळल्यावर तुला दिवाळीतली पिशवी आठवली.

बोलव म्हटलं तर कायद्याने मी उद्या तुला बोलावू शकते. तिला नाही. याहून वाईट थट्टा मी ऐकली नाही.

सही करायची नसेल तर करू नकोस. पण यापुढे मला लेकराच्या गोष्टी लिहू नकोस.

लतिका


रामटेक
११ सप्टेंबर १९७८

चि. लतिका,

शुक्रवारी नागपूरले जाऊन सही करून आली. कागद दत्तोपंतांपाशी आहे. सुभद्राची सही झाली का दोन्ही एकत्र तुले पाठवतील.

धोंडबानं तुले लिहिलं हे मले माहीत नव्हतं. तुहं पत्र आलं तेव्हा त्याले विचारलं. तो हो म्हणाला. मी सही करतो म्हटलं तं तो म्हणाला, म्हणजे तू माहं दार बंद करून राहिली. मी म्हटलं, हो. तो आता वाडीलेच खोली करून राहते. दोन महिने झाले, घरी आला नाही.

तुले जून ते सप्टेंबर वाट पाहावी लागली. मले तेवढे दिवस लागले.

वच्छला


महाल, नागपूर
१६ ऑक्टोबर १९७८

माझ्या लतिकाले आईचे अनेक आशीर्वाद.

अक्षर मोठं आहे, हसू नको. एका डोळ्याचं ऑपरेशन झालं आहे, चष्मा मिळाला आहे. डोळे अधू झाल्यापासून माझ्या हातानं लिहिलेलं हे पहिलंच. हे मले दुसऱ्याकडून लिहवून घ्यायचं नव्हतं.

दसऱ्याच्या आधी दत्तोपंत मले कोर्टात घेऊन गेले. अर्जनवीसानं माझा कागद वाचला. माझ्या पोटी तू झाली असं त्यात होतं. तुझ्या पत्रात तू समजावलं होतं, का हा फक्त रिवाज आहे, सारे असंच करतात. मी ऐकून घेतलं. मंग विचारलं, दुसरा कागद कोणाचा? दत्तोपंत मले दाखवत नव्हते. मी म्हटलं, डोळा नवीन आहे, पाहू द्या. खाली वच्छीची सही होती. चौथीत होती तेव्हा 'च्छ' काढता येत नव्हता म्हणून मीच तिले गिरवून दिला होता. अजून तसाच काढते, वाकडा.

मी दोन्ही कागद फाडले. दत्तोपंत रागावले, स्टँपचे पैसे गेले म्हणे. मी म्हटलं, जाऊ द्या.

लतिका, तुले एक गोष्ट मी कधी सांगतली नाही. तू सात महिन्यांची होती तेव्हा वच्छी दिवाळीले आली होती. ती नळावर गेली असताना मी तिची पिशवी उघडून पाहिली. त्यात नवीन झबलं होतं. ती काहून आली ते मले तेव्हाच समजलं. मी ते झबलं जसं होतं तसं घडी करून ठेवलं. मंग चार दिवस मी तिले एकटीले बसू दिलं नाही. हे कर, ते कर, चकल्या करू, करंज्या करू. ती तोंड उघडीन असं वाटलं का मी तुले तिच्यासमोरून उचलून न्यायची. ती गेली तेव्हा मी तिले लुगडं दिलं आन् सारी रात्र देवाचे आभार मानले. तिनं मागितलं असतं तर मले नाही म्हणता आलं नसतं. म्हणून मी तिले मागू दिलं नाही.

सारे म्हणतात का वच्छीनं मोठं मन केलं. मीही तसंच म्हणत आली. तिनं मन केलं नाही, मी तिले वेळ दिला नाही. आन् आता तिच्याच हातून लिहवून घ्यायचं का तिनं काही गमावलंच नाही? तू तिले जूनमध्ये काय लिहिलं तेही मले समजलं. मी तिच्याकडे रामटेकले गेली होती, ती दाखवत नव्हती, मी मागून घेतलं. तू फार वाईट लिहिलं.

मले यायचं होतं. खोटं काहून सांगू. तुझं घर पाहायचं होतं, तुझ्या हातचं खायचं होतं. मोजे पेटीत आहेत, ते पाहिले का जीव कासावीस होते. पण या कागदावर येणार नाही. दुसरा मार्ग असला तर सांग, मी उद्या निघतो.

तोवर तिले बोलाव. कायदा तिले येऊ देते ना. तू सत्तावीस वर्षं माझ्याजवळ होती. तिच्याजवळ वीस दिवस.

तुझी आई


शिकागो
२८ जानेवारी १९७९

ती. मावशीस,

तीन महिने मी कुणालाच लिहिलं नाही. आईला पैसे पाठवले, त्यासोबत दोन ओळी. तुला लिहायला बसायची आणि उठायची. कामावर दोनदा चुकीच्या खोलीत औषध घेऊन गेले. दिलं नाही, वेळेवर लक्षात आलं, पण मुख्य नर्सनं चार दिवस घरी बसवलं. इथे पंधरा दिवस एवढा बर्फ पडतो आहे की गाड्या गाडल्या गेल्या. त्या चार दिवसांत घरातून बाहेर पडता येईना. या खोलीतून त्या खोलीत फिरत होते.

धोंडबाच्या पत्रामागे तू आहेस असं मी लिहिलं. ते मी परत घेते. त्याच्यावरही माझा राग नाही. सुटायला कोण बघत नाही? मीही तेच केलं. तुला मी जे लिहिलं त्यातलं आणखी काय परत घेता येईल ते मला कळत नाही, कारण ते सगळं मला खरं वाटत होतं. अकरा वर्षांची असल्यापासून मी एकच गोष्ट धरून बसले होते, की तुला मुलगी नको होती. त्या गोष्टीवरच मी नर्स झाले, परदेशात आले. ती गोष्ट तशी नव्हती, हे पचायला मला वेळ लागतो आहे.

वकिलाकडे जाऊन आले. आईला पाहुणी म्हणून येता येईल, थोड्या महिन्यांसाठी. त्याला कुणाच्या पोटचं मूल हे विचारत नाहीत. पण तो व्हिसा मिळेलच असं नाही, म्हातारं माणूस परत जाणार नाही असा त्यांना संशय असतो. दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन झालं की अर्ज करू. नाही मिळाला तर मी येईन. दर वर्षी येईन.

आणि तुझा अर्ज मी भरला आहे. पाठवला नाही. रामटेकच्या दप्तरातल्या नोंदीची नक्कल लागेल, ती तुलाच काढावी लागेल. आईच्या नावाच्या रकान्यात मी तुझं नाव लिहिलं. तेवढं एक नाव लिहायला फार वेळ लागला.

आईनं सांगितलं म्हणून मी हे करत नाही. काहीसं तसंही आहे, पण तेवढंच नाही. दिवाळीच्या त्या चार दिवसांत तुला कुणी विचारलं नव्हतं. म्हणून मी विचारते आहे. तू येशील का? नाही म्हणालीस तरी चालेल, मी रागावणार नाही. आपण एकमेकींना ओळखत नाही. दोन खोल्यांच्या घरात जमेल की नाही, मला माहीत नाही.

लतिका


महाल, नागपूर
४ डिसेंबर १९७९

चि. लतिका,

तार करण्याऐवजी पत्रच लिहितो. व्हिसा झाला.

मुंबईले धोंडबा आला होता संगं. फेब्रुवारीत नोंदीची नक्कल त्यानंच आणून दिली. न बोलता देऊन गेला, मंग चार दिवसांनी बोलायले आला. मी त्याले साफ सांगतलं, का माह्या जाण्यानं तुहं काही होईन असं धरून चालू नको, ते ताईनं ठरवायचं आहे. तो म्हणाला, ठीक आहे. पासपोर्टासाठी खेटे त्यानंच घातले. मुंबईले छातीचा फोटो काढला, रक्त घेतलं. डाग आहे म्हणाले, जुन्या तापाचा. पुन्हा काढला. त्यात आठ दिवस गेले, धर्मशाळेत बसून राहिलो. मले वाटलं, झालं, घरी चला.

मंग साहेबासमोर नेलं. संगं हिंदी बोलणारी एक बाई होती. तिनं विचारलं, लड़की को कब से नहीं देखा? मी म्हटलं, सात साल. साहेब काही बोलला. ती म्हणाली, उसके पहले साथ कितने साल रही? मले खोटं बोलता आलं असतं. मी म्हटलं, बीस दिन. बाईनं पुन्हा विचारलं, बीस साल? मी म्हटलं, दिन. साहेबानं ती नक्कल उचलली, बराच वेळ पाहिली, उलटून मागूनही पाहिली. त्यानं बाकी काहीच विचारलं नाही. शिक्का मारला.

मी महिनाभरापासून सुभद्राकडे आहे. दुसऱ्या डोळ्याचंही झालं. आता ती सुई ओवते. तिचा पाहुणीचा व्हिसा एकदा नाही म्हणाले, ते तुले तिनं लिहिलंच असंन. रडली नाही. दत्तोपंत म्हणतात, सहा महिन्यांनी पुन्हा अर्ज करू. धोंडबा वाडीची खोली सोडून इथं राहायले आला आहे. सुभद्रा त्याले दोन वेळा वाढते आन् तो तिले नळाचं पाणी भरून देते. मी गेल्यावर ती एकटी राहणार नाही. मी तिकडं कायमची राहीन का एक थंडी पाहून परत येईन, हे मले आज सांगता येत नाही. तूही विचारू नको.

एक गोष्ट मले तिले विचारायची होती आन् लाज वाटत होती. परवा दुपारी निवडता निवडता विचारली. म्हटलं, सुभद्रा, तिले काय आवडते? तिनं हातातलं सूप खाली ठेवलं. मंग म्हणाली, वही आण.

दोन दिवस तिनं सांगतलं आन् मी लिहून घेतलं. तुले झोपेतून उठवायचं तर पायाले हात लावायचा नाही, दारातून आवाज द्यायचा. वरणात गूळ पडला तर तू ताट सरकवते. थंड पाण्यानं तुहा घसा धरते, पण तू ऐकत नाही. रागावली का जेवत नाही, तेव्हा बोलवायचं नाही, ताट झाकून ठेवायचं आन् आपण आपल्या कामाले लागायचं, तू येतेच. गर्दीत तुले चक्कर येते हे तू कोणाले सांगत नाही. केसांले तेल लावताना उजव्या कानामागं जपून, तिथं लहानपणी लागलेलं आहे. परीक्षेच्या आधी तू सारखी खोली झाडायची. मधे मधे सुभद्रा थांबे आन् म्हणे, हे नको लिहू, हे माह्यापाशी राहू दे. मी तेवढं सोडून दिलं.

वही भरत आली आहे. बावीस तारखेच्या शनिवारी निघतो, रविवारी तू विमानतळावर येशील. यातलं किती अजून तसंच आहे आन् किती बदललं, ते सुभद्रालेही माहीत नाही. ते तू मले सांग, मी कोऱ्या पानांवर लिहून घेईन.

वच्छला